अबोल्यातली सावड

पहिल्यांदा त्या दोघांना पाहिलं तेव्हा मला वाटलं, एक मालक असेल आणि दुसरा गडी. खुलताबादचा डोंगर पलीकडच्या अंगानं उतरलं की एक लहानसं गाव लागतं. त्या गावाच्या शिवारात मक्याच्या ओळींमधलं तण काढायची कोळपणी चालली होती. साठी ओलांडलेले एक गृहस्थ एक पांढरा आणि एक तांबडा अशी जोडी हाकत होते. दुसरे त्यांच्याहून दहा-बारा वर्षांनी लहान, बांधावर बसून नुसते बघत होते. कोणी कोणाला हाक मारत नव्हतं, पाणी हवं का म्हणून विचारत नव्हतं. उन्हं डोक्यावर आली तशी जोडी सुटली. बांधावरचे उठले, तांबड्याचा कासरा हातात घेतला, त्याच्या मानेवर जिथं जू घासलं होतं तिथं दोनदा हात फिरवला, आणि एक अक्षर न बोलता त्याला घेऊन चालायला लागले. पांढरा आपल्या जागी उभा राहून जाणाऱ्या जोडीदाराकडे बघत राहिला.

मी संभाजीनगरहून स्कूटीवर आले होते. ट्रॅक्टर आल्यावर खेड्यातली कामाची देवाणघेवाण कशी बदलली, असा माझ्या संशोधनाचा विषय. आर्थिक मानववंशशास्त्र हा शब्द मी गावात कधी उच्चारला नाही. "कोण कोणाला काय देतं आणि का देतं, ते लिहून घेते," एवढंच सांगायचे. त्यावर एक आजोबा म्हणाले होते, "एवढ्यासाठी पगार देत्यात?" त्यांना पटेल असं उत्तर मला आजही सापडलेलं नाही.

तांबडा घेऊन निघालेल्यांना मी गाठलं आणि माझ्या प्रश्नावलीतला प्रश्न विचारला. "बैल भाड्यानं दिलाय का तुम्ही?"

ते थांबले. त्यांच्या घरातल्या कुणाबद्दल मी काही भलतंसलतं बोलले असावं, असा त्यांचा चेहरा झाला.

"भाड्यानं? बैल काय रिक्षा हाय का मॅडम? सावड हाय आमची."

शब्द मी वाचलेला होता, पण चालती सावड पाहिलेली नव्हती. एका घरी एक बैल, दुसऱ्या घरी एक बैल. दोघांची मिळून जोडी होते आणि ती आळीपाळीनं दोघांच्या शेतात राबते. माझ्या प्रश्नावलीत मालकीची जोडी, भाड्याची जोडी आणि ट्रॅक्टर असे तीन रकाने होते. सावडीला रकानाच नव्हता.

"ते तुमचे कोण?"

"चुलत भाऊ. थोरले."

"मग एकमेकांशी बोलत का नव्हता?"

"आमचं बोलणं नाय."

"आणि सावड?"

"सावड हाय ना," ते म्हणाले. माझ्या प्रश्नात त्यांना काहीच अवघड दिसत नव्हतं. बोलणं ही एक गोष्ट आणि सावड ही दुसरी.

त्या दिवशी प्रश्नावली मी डिकीत टाकली आणि बाकीची घरं सोडून दिली. पुढचे पाच आठवडे मी या दोघांच्याच मागे होते. गावात सगळे त्यांना थोरले आणि धाकटे म्हणायचे, म्हणून मीही तसंच म्हणते.

अबोल्याचं कारण मला थोरल्यांच्या बायकोनं सांगितलं. काकू ओसरीवर बसून अद्रकाचं बेणं निवडत होत्या. आठ वर्षांपूर्वी धाकट्यांच्या मुलीचं लग्न ठरलं. पाहुणे आले, सुपारी फुटली, आणि घरातल्या वडीलधाऱ्या माणसाला म्हणजे थोरल्यांना बोलावणंच गेलं नाही. त्यांना ते दुसऱ्या दिवशी चहाच्या हॉटेलात लोकांकडून कळलं.

"धाकट्यांचं म्हणणं काय?" मी विचारलं.

"ते म्हणत्यात, पाहुणे अचानक आले, ह्ये बाजाराला गेलेले, निरोप धाडला तर निरोप्या विसरला."

"खरं काय मग?"

"दोघं बी खरंच सांगत्यात, बाई. म्हणून तर मिटंना."

"तरी सावड चालू राहिली?"

काकूंनी हातातलं कुजकं बेणं बाजूला टाकलं. "बैलांनी काय केलंय?"

मी थोरल्यांनाही विचारलं होतं, दुसरा बैल घेऊन का टाकत नाही म्हणून. त्यांनी शांतपणे समजावून सांगितलं. मका आणि कपाशी वाढल्यावर मोठा ट्रॅक्टर आत घालता येत नाही, म्हणून कोळपणीला बैल लागतो. पण वर्षभरात बैलाचं काम असं किती दिवस असतं? तेवढ्यासाठी दोन जनावरं पोसायची म्हणजे चारा दुप्पट आणि शेणघाण दुप्पट. शिवाय पांढऱ्याला डाव्या अंगाला चालायची सवय, तांबड्याला उजव्या. "एकमेकाचं पाऊल त्यांना माहिती हाय. आता नवा गडी कुठं शिकवत बसू?"

मला सगळ्यात जास्त कुतूहल होतं ते याचं, की न बोलता हे ठरतं कसं. उद्या कोणाच्या शेतात, किती वाजता, कोळपणी की वखरणी, हे कोणीतरी कोणाला तरी सांगायलाच हवं. ते कळायला मला चार दिवस लागले. थोरले जोडी सोडताना तांबड्याच्या पाठीवर थाप मारायचे आणि त्याला सांगायचे, "उद्या आराम कर रं. परवा सकाळी वरच्या वावरात यायचंय." तीन हातांवर उभे असलेले धाकटे ते ऐकायचे आणि आपल्या बैलाला म्हणायचे, "चल, घरी चल." म्हणजे ठरलं. अडचण असली तर धाकटे तांबड्याला विचारायचे, "का रं, परवा तर तुला दवाखान्यात न्यायचंय ना?" मग थोरले पांढऱ्याशी बोलून दुसरा दिवस काढायचे.

मी रोज दिसायला लागले तसं बैलांचं काम माझ्याकडे आलं. थोरले म्हणायचे, "मॅडम, परवा आमची मका हाय म्हणावं." मी मान वळवून धाकट्यांना म्हणायचे, "परवा त्यांची मका आहे." धाकटे माझ्याकडे बघून मान डोलवायचे. पहिल्यांदा मला हसू आवरेना. दोघंही गंभीर होते, मग मीही गंभीर झाले.

मोजायला मी कधी सुरुवात केली ते आठवत नाही. सवयच ती. मुकुंदवाडीला आमच्या चाळीत कोणाच्या घरून किती वेळा ताट आलं, हे मी लहानपणी भिंतीवर पेन्सिलीनं लिहायचे आणि आईचा मार खायचे. इथंही रोज संध्याकाळी निघताना मी टिपून ठेवायचे, आज जोडी कोणाच्या शेतात राबली. पाच आठवड्यांत थोरल्यांकडे पंधरा दिवस झाले, धाकट्यांकडे नऊ. थोरल्यांची जमीन पाच एकर, धाकट्यांची तीन. त्यामुळे हे होणारच होतं. तरी सहा दिवसांचा तो फरक बघून मला आनंद झाला. वाटलं, काहीतरी हाती लागलं. एक माणूस आठ वर्षं न बोलता दुसऱ्याला जास्त देत आलाय आणि त्याला त्याचा पत्ताही नाही.

आणि मी ते सांगून टाकलं.

आधी थोरल्यांना. ते गोठ्यात वैरण टाकत होते. माझी वही उघडून मी म्हणाले, "काका, गंमत बघा. या हंगामात त्यांच्या बैलानं तुमच्याकडे सहा दिवस जास्त काम केलंय."

त्यांचे हात थांबले. "असं व्हय," एवढंच म्हणाले आणि आत गेले.

मग धाकट्यांना. ते कडुनिंबाखाली बसून तंबाखू मळत होते. मी तेच वाक्य म्हणाले, वर "तुमचं मन मोठं आहे" असंही म्हणाले. त्यांनी मळलेली तंबाखू तशीच खाली झटकली.

"कोणी सांगितलं तुम्हाला मोजायला?"

"मीच मोजलं. अभ्यासासाठी."

"थोरल्याला बी सांगितलं?"

मी होकारार्थी मान हलवली. ते उठून चालायला लागले. मला कळेना, मी त्यांची तर बाजू घेतली होती.

दोन दिवसांनी काकूंचा फोन आला. "बाई, काय सांगितलंस गं तू ह्यांना?" मी सांगितलं त्याच संध्याकाळी थोरल्यांनी गाडीभर कडबा नेऊन धाकट्यांच्या दारात उतरवला होता. पावसाळ्याच्या दिवसांत कोरडा कडबा कोणी सहज देत नाही. सहा दिवसांची भरपाई होती ती. अर्ध्या तासात तोच कडबा त्याच गाडीतून परत आला. दुसऱ्या दिवसापासून पांढरा थोरल्यांच्या दारात बांधलेला आणि तांबडा धाकट्यांच्या. सावड मोडली होती. थोरल्यांनी गावातल्या कोणाचा तरी बैल एक दिवस आणून बघितला, पण पांढरा त्याला ढुसण्या मारत राहिला, ओळ काही धरीना. पाऊस उघडला होता, वाफसा येऊन जमीन कोळपण्याजोगी झाली होती आणि दोघांच्याही शेतात तण वाढत होतं.

मी विद्यापीठात माझ्या मार्गदर्शक बाईंना सगळं सांगितलं. मला वाटलं होतं, त्या धीर देतील. त्या म्हणाल्या, "तू माहिती घ्यायला गेली होतीस. निवाडा द्यायला कोणी सांगितलं होतं? आता जा आणि माफी माग. आणि वही घरी ठेवून जा."

मी गेले. रस्त्यात घाटातल्या प्रत्येक वळणावर मी वाक्यं जुळवत होते आणि पुढच्या वळणाला ती मोडत होती. काकू दारातच भेटल्या. "गोठ्यात हायत," त्या म्हणाल्या. "चार दिवस झाले, नुसते पांढऱ्याला घासत बसत्यात. एवढी निगा त्यांनी स्वतःची कधी केली नाय."

थोरले खरंच बैलाच्या पाठीवरून ओला टॉवेल फिरवत होते.

"काका, माझं चुकलं," मी म्हणाले.

"तुमचं काय चुकलं? आकडा बरोबरच हाय." त्यांनी टॉवेल पिळला. "पण आता मी त्याचा बैल कोणत्या तोंडानं आणू? आणला तर लोकं म्हणतील, थोरला धाकट्याच्या बैलावर शेती करतोय. नाय आणला तर—" त्यांनी बाहेरच्या शेताकडे हात केला.

मी काही बोलणार तेवढ्यात इंजिनाचा आवाज आला. थोरल्यांनी मान वर केली. आवाज धाकट्यांच्या शेतातून येत होता. टॉवेल तसाच बैलाच्या पाठीवर टाकून ते बाहेर पडले आणि त्यांच्या वयाच्या माणसाला शोभणार नाही इतक्या वेगानं बांधाकडे निघाले. मी मागे पळाले.

धाकट्यांनी शेजारच्या गावाहून एक छोटा ट्रॅक्टर आणला होता, कपाशीच्या दोन ओळींतून जाणारा. जात होता, पण कपाशी आता गुडघ्याच्या वर आली होती. चाक वळायचं तिथं झाडं आडवी होत होती आणि मागची पाती मुळांना लागत होती. धाकटे ट्रॅक्टरच्या मागून चालत एकेक झाड उभं करायचा प्रयत्न करत होते.

थोरले बांधावर चढले आणि ओरडले, "बंद कर! बंद कर ते! मुळ्या तोडतंय, दिसत नाय का तुला?"

धाकटे गर्रकन वळले. "मग काय करू? तण बघा की किती झालंय!"

"तांबडा काय मेलाय का?"

"एकटा बैल काय ओढणार? दुसरा आणून द्या ना!"

"मागितला का तू?"

"तुम्ही दिला का?"

ट्रॅक्टरवाल्यानं इंजिन हळू केलं. "काका, चालू ठेवू का थांबू?"

"थांब!" दोघं एकदम म्हणाले.

इंजिन बंद झालं. मग एकदम शांत झालं आणि त्या शांततेत दोघांच्याही लक्षात आलं, की आठ वर्षांनी आपण एकमेकांशी बोललो. धाकटे खाली बघायला लागले. थोरल्यांनी बांधाजवळचं एक मोडलेलं झाड उचललं, उलटसुलट करून बघितलं. "पाते लागले होते ह्याला, आता फुलं धरली असती," ते म्हणाले. त्यांचा आवाज आता खाली आला होता.

धाकट्यांनी पायाशी आडवं झालेलं एक झाड माती दाबून उभं केलं.

"जेवण झालं की आणतो पांढरा."

"आणा," धाकटे म्हणाले.

माझ्याकडे दोघांपैकी कोणी बघितलं नाही. मधे निरोप द्यायला ना मी लागले, ना बैल.

दुपारी जोडी धाकट्यांच्या शेतात लागली. पांढरा डाव्या अंगाला, तांबडा उजव्या. थोरले बांधावर बसले आणि मी त्यांच्यापासून थोडी लांब. चार तासांत ते एकदाच बोलले. "वळताना सैल सोड," असं ओरडून सांगितलं आणि धाकट्यांनी कासरा सैल सोडला.

धाकट्यांची माफी मागायचा धीर मला आठवड्यानं झाला. ते त्याच कडुनिंबाखाली होते. मी म्हणाले, "त्या दिवशी मी ते सहा दिवसांचं बोलायला नको होतं."

"सहा नाय," ते म्हणाले. "आठ."

मला वाटलं, मी नीट ऐकलं नाही.

"पेरणीचे दोन दिवस तुम्ही धरले नायत. तुम्ही यायच्या आधी झाले ते."

"म्हणजे तुम्हाला माहीत होतं?"

"मला? थोरल्याला बी माहिती हाय. दोन्ही घरच्या बायांना बी माहिती हाय. वावर कोणाचं मोठं हाय ते आंधळ्याला बी कळंल."

"मग रागावलात का?"

 त्यांना माझ्यासाठी नेमकं उत्तर शोधायचं होतं, हे दिसत होतं. "माहिती असणं येगळं, ताई. तुम्ही ते बोलून दाखवलं. बोलून दाखवल्यावर एक तर त्यांनी फेडायचं, नायतर मी ते सोडून दिलं म्हणायचं. दोन्हीत कोणीतरी खाली बघणार. आधी तसं नव्हतं."

"पण तुम्ही जास्त देताय, हे मनात येत नाही?"

"येतं की. का नाय येणार? पण मागं माझा पाय मोडला होता. प्लास्टरमदी पडून होतो. तवा त्यांनी माझं सगळं वावर वखरून दिलं. अबोला होता, तवाच. खिडकीतून बघायचो मी."

"किती दिवस?" माझ्या तोंडून निघून गेलं.

ते इतक्या मोठ्यानं हसले की तांबड्यानं मान वळवून बघितलं. "तुमची काय सवय जायची नाय," ते म्हणाले. आणि आकडा काही सांगितला नाही.

मी या विषयावर लिहिलं, तेव्हा परीक्षकांनी मला विचारलं, या व्यवहारात अंतिमतः फायदा कोणाचा? मी म्हणाले, ते माहीत असणारी चार माणसं आहेत, पण त्यांनी ते बोलायचं नाही असं ठरवलंय. एक परीक्षक हसले, दुसऱ्यांनी काहीतरी लिहून घेतलं. माझ्या डोक्यात मात्र नवेच प्रश्न सुरू झाले होते. ठाऊक असलेलं न बोलणं, हेही एक देणंच का? आणि मी जे त्यांच्याकडून घेऊन आले, त्याच्या बदल्यात मी काय दिलं? एक भांडण दिलं, हे खरं. ते त्यांना उपयोगी पडलं, याचं श्रेय मला घेता येणार नाही.

पुढच्या वर्षी पांढरा थकला. थोरल्यांनी नवा बैल घ्यायचं ठरवलं आणि काकूंनी मला फोन केला, "लासूर स्टेशनच्या बाजाराला जायलेत. बघायचं असंल तर ये." मी गेले. टेम्पोत पुढे ड्रायव्हर आणि काकू, मागे मी आणि ते दोघं. गावापासून लासूरपर्यंत दोघं वाद घालत होते. बैल काळा हवा की नको, उंची किती हवी, शिंगं कशी हवीत. एकाचं बोलणं संपायच्या आत दुसरा सुरू करायचा.

बाजारात थोरल्यांना पहिलाच बैल आवडला. धाकट्यांनी त्याला चालवून बघितलं आणि नाक मुरडलं. "पाऊल लांब टाकतोय. आपला मागं राहील." दुसरा उजव्या अंगाला चालणारा निघाला. तिसऱ्यापाशी बैलवाला कंटाळला. त्यानं थोरल्यांना विचारलं, "मालक कोण? घेणार कोण?"

"मी घेणार," थोरले म्हणाले.

"मग ह्येच का सारखं बघायलेत?"

"त्याला इचारल्याबिगर कसा घेऊ?" थोरल्यांना प्रश्नाचंच नवल वाटलं. "त्याच्या बैलासंगं चालायचंय."

पाचवा बैल पास झाला. कपाळावर पांढरा ठिपका असलेला, जरा भित्रा. टेम्पोत चढायला तो तयार होईना, तेव्हा थोरल्यांनी पुढून ओढलं आणि धाकट्यांनी मागून खांदा लावला. दोघंही घामाघूम होऊन एकमेकांवर खेकसत होते. काकू माझ्या शेजारी पदरानं वारा घेत उभ्या होत्या.

"बोलत नव्हते तवा घर कसं शांत होतं," त्या म्हणाल्या. "आता सकाळी उठलं की ह्येंचं सुरू. हा इकडून वरडतो, तो तिकडून वरडतो."

"मग पहिलंच बरं होतं का, काकू?"

काकूंनी पिशवीतून एक भाकरी काढली, तिचे दोन तुकडे केले आणि नवा बैल घाबरलाय म्हणून त्याला भरवायला पुढे गेल्या.